टाचणी आणि खिळा यांचं व्याकरण

९ जानेवारी

वन्सं,

फोनवर तुम्ही "कशा आहात" विचारता, मी "बरी आहे" म्हणते, मग तुम्ही हवेचं विचारता आणि मी हवेचं सांगते. अडीच महिने हेच चाललंय. म्हणून आज लिहायला बसले. पत्रात मधेच कोणी "आवाज येतोय का" असं ओरडत नाही.

गेल्या आठवड्यात लिफ्टच्या कंपनीने यांची हत्यारांची पेटी घरी पोचवली. वरच्या कप्प्यात पाने आणि टेस्टर, खालच्या कप्प्यात ग्रीसचा डबा आणि चिंध्या. चिंध्या धुवायला काढल्या तर खाली जाड पुठ्ठ्याची एक वही. पहिल्या पानावर शाळकरी वळणाचं अक्षर: "टाचणी आणि खिळा यांचं व्याकरण. तिसऱ्याने वाचू नये."

तुम्हाला हे टाचणी म्हणायचे ते मला लग्नाच्या दिवशीच कळलं होतं. हे स्वतः खिळा होते, ते एकवीस वर्षांनी कळलं. तिसरी मीच. वाचलं.

नियम तीनच आहेत. एक, जे मागून घडलं तेच खरं कारण, ते आधी लिहायचं. दोन, मधे "खुट". तीन, जे आधी घडलं ते शेवटी, आणि त्याला कर्ता नाही. खाली उदाहरण: "मार बसला खुट बरणी फुटली." म्हणजे मार बसला, त्यामुळे बरणी फुटली. मी हसले. मग हसू गेलं.

शाळा माझी सातवीपर्यंतच. पण चष्म्याच्या दुकानात मागच्या खोलीत काचा घासायला लागून वीस वर्षं झाली. लोक बाकावर पुस्तकं विसरून जातात, मालक टाकायला निघतात, मी उचलते. त्यामुळे कसलंही लिहिलेलं समोर आलं की मी सोडत नाही. चार संध्याकाळी बसले आणि वही पुरती लावली. पानांवर तारखा आहेत, रोज एक ओळ. पुष्कळशा ओळी लिफ्टच्या अपघातांच्या. कोणाचा हात गेला, कोणाला शॉक बसला. कामावर ऐकलेलं लिहून ठेवत असतील. पण ११ सप्टेंबरला हे लिहिलंय:

"पडलो खुट चौथ्याचं दार नुसतं लोटलेलं."

वन्सं, हे पडून गेले ते चौथ्या मजल्यावरूनच. सप्टेंबरातही त्याच इमारतीत काम होतं. म्हणजे तेव्हाही तिथलं दार नुसतं लोटलेलं होतं, हे पडता पडता वाचले, आणि मला बोलले नाहीत. दार लावून कडी घालायचं काम यांच्या कामावरच्या जोडीदाराचं. यांचं कधीच नाही.

कंपनीत चौकशी चालू आहे. त्यांचं म्हणणं, दोनातलं एक झालं असणार. एक तर दाराला कडी नव्हती आणि हे टेकले तसे आत गेले. नाही तर यांनीच किल्लीने दार उघडलं आणि केबिनच्या छपरावर उतरताना पाय चुकला. किल्ली खाली यांच्याजवळच सापडली. पण ती कायम यांच्या पट्ट्यालाच असायची. जोडीदार वर मशीनच्या खोलीत होता. तो म्हणतो, कडी मी घातली होती.

मी जेवते, कामाला जाते, भांडी घासते. पण बसले की उठते. कसे पडले ते कळल्याशिवाय मला एका जागी बसवत नाही. वही चौकशीच्या साहेबांना द्यावी असं मनात आहे. त्याआधी तुम्ही एवढंच सांगा, मी बरोबर वाचलंय ना?

तुमची,
वहिनी


१६ जानेवारी

वहिनी,

वही जाळा. नाही तर भंगारात घाला. पोरखेळ होता तो, मी आठ वर्षांची आणि दादा अकरा. वाचायचं असेल तर चांगली पुस्तकं वाचा, तुमच्या बाकावर येतात ना.

तुम्ही शब्द मात्र अगदी बरोबर लावलेत. आमच्या मास्तरांना जमलं नसतं. पण त्या ओळींत काही नाही हो, खरंच.

इकडे मी ठीक. डेपोत माझी सकाळची पाळी आहे. परवा माइकवर "फलाट क्रमांक पाचवर लागलेली गाडी" म्हणायच्या ऐवजी "पाचवर लागलेला दादा" म्हणाले. सगळा डेपो वर बघायला लागला. नियंत्रक आत येऊन म्हणाले, "बाई, रजा घ्या." म्हटलं, "रजेत काय करू, घरी बसून भिंतीला गाड्या सांगू?" ते हसले. मी नाही हसले.

जोडीदाराला मी दोनदाच भेटलेय. दोन्ही वेळा त्याच्या हातात तुमच्याकडचा लाडू होता. एवढंच आठवतं.

पाठ दुखते म्हणाला होतात, शेक घेता ना?

टाचणी


२९ जानेवारी

वन्सं,

तुमचं पत्र तीनदा वाचलं. शब्द बरोबर लावलेत, असं तुम्हीच लिहिलंत. बाकीचं तुम्ही मला त्रास होऊ नये म्हणून लिहिलं असणार, असं मी धरलं. वीस तारखेला वही साहेबांच्या टेबलावर ठेवली आणि तिन्ही नियम समजावून सांगितले. साहेब चष्मा पुसत म्हणाले, "बाई, हे सांकेतिक लिपीसारखं आहे." म्हटलं, "लिपी साधीच आहे. उलटं आहे ते फक्त कारण." त्यांनी ती ओळ टाइप करून घेतली आणि खाली माझी सही घेतली. दुसऱ्याच दिवशी जोडीदाराला कामावरून दूर केलं. निकाल लागेपर्यंत त्याने कोणत्याही इमारतीत पाऊल ठेवायचं नाही.

बरं वाटेल असं वाटलं होतं. नाही वाटलं.

काल तो घरी आला. एकटाच. खुर्चीच्या कडेवर बसला, चहा ठेवला तो तसाच गार झाला.

"वहिनी, त्यानं लिहिलं असं? माझ्याबद्दल?"

"तुमचं नाव नाही. दार लोटलेलं होतं, एवढंच आहे."

"दार माझंच असतं. म्हणजे माझ्याबद्दलच." मग म्हणाला, "बावीस वर्षं एका पेटीतली हत्यारं वापरली आम्ही. माझ्या मुलीच्या लग्नात त्यानं पंगतीत वाढलं. मी कडी विसरलो असतो तर त्यानं तिथल्या तिथे माझी आई-बहीण काढली असती. वहीत कशाला लिहील?"

मी गार चहाचा कप उचलून ओट्यावर ठेवला.

तो उठला. दाराबाहेर गेला आणि आमची कडी बाहेरून घातली. मी आत. मग ओढलं. एकदा, आणि पुन्हा एकदा. मग कडी काढून दार उघडलं आणि म्हणाला, "मी असं करतो. दर वेळी. झोपेतही असंच करत असेन." आणि गेला. जिन्यात त्याच्या चपलांचा आवाज पार खालपर्यंत ऐकू आला. अशा पायांनी चालणारा माणूस विसरभोळा नसतो, असं आपलं मला वाटलं. वाटण्याला काही अर्थ नाही, मला कळतं.

वन्सं, तुम्ही मला होय किंवा नाही असं काहीच लिहिलं नव्हतं. आता लिहा.

वहिनी


३ फेब्रुवारी

वहिनी,

टपालाच्या भरवशावर राहायला वेळ नाही. तुमच्या गावाकडे जाणाऱ्या गाडीच्या चालकाकडे हे देते आहे. भला माणूस आहे, वाटेत कुठे थांबणार नाही.

तुम्ही काय करून बसलात! नाही, मीच करून बसले. वही जाळा म्हटलं, का जाळा ते नाही सांगितलं.

त्या ओळी घडलेल्या नाहीत. एकही नाही. त्या घडू नयेत म्हणून लिहिलेल्या आहेत.

ऐका. आमच्या घरी मार आधी बसायचा आणि चूक मागून सापडायची. बाबा कामावरून आले की दाराची कडी खुट वाजायची. त्या आवाजात आमचा निकाल लागलेला असायचा. आधी हात उठायचा, मग ते घरभर बघायचे. कुठे काय पडलंय, कुठे काय फुटलंय. काहीतरी सापडायचंच. सापडलं की म्हणायचे, "बघ, म्हणून मारलं." आई ओट्याकडे तोंड करून उभी राहायची.

एकदा बरणी फुटली ती मार बसल्यावर. मी मागे सरकले, कोपर लागलं, फुटली. बाबा म्हणाले, "बघ, म्हणून मारलं." त्या दिवशी दादाने हे व्याकरण काढलं. म्हणाला, "टाचणे, या घरात हेच खरं व्याकरण आहे. शाळेतलं चुकीचं."

मग आम्ही एक रीत पाडली. बाबा यायच्या आधी, संध्याकाळी, त्या दिवशी काय होईल याची सगळ्यात वाईट ओळ लिहून काढायची. "कानाखाली बसली खुट दप्तर वाटेत पडलं." लिहिली की ती भोगून झाली. मग ती खरी घडायची गरज उरत नाही. आता हसू येतं, पण आम्ही अगदी मनापासून लिहायचो. कधी कधी चालायचंसुद्धा. चाललं नाही की दादा म्हणायचा, "ओळ पुरेशी वाईट नव्हती."

लिफ्टच्या कामाला लागल्यावर तीनेक वर्षांनी त्याने ते पुन्हा सुरू केलं. रोज सकाळी, कामावर निघण्याआधी, एक ओळ. मला पत्रातून सांगायचा, "आज पट्टा तुटून मेलो, आता दिवस मोकळा." एकोणीस वर्षं तो रोज असा मेला, वहिनी. सप्टेंबरात तो पडला नाही. जोडीदाराने दार लोटून ठेवलं नाही. दादाला ज्याची भीती वाटली, ते त्याने लिहिलं, बस.

आता माझं. ते मी कोणाला बोलले नाही, म्हणून तर वही जाळा म्हटलं. सप्टेंबरअखेर मी त्याला लिहिलं की हे आता बंद कर. मी पन्नाशीची झाले, बाबा जाऊन पंधरा वर्षं झाली आणि अजूनही आपण कडी वाजायची वाट बघतोय. मी सोडलं, तूही सोड. त्याचं एका ओळीचं उत्तर आलं: "बरं." शेवटची तारीख बघा वहीत, ३ ऑक्टोबर असणार. त्यानंतर त्याने लिहिलं नाही. आणि २६ ला तो गेला.

मी त्याचं लिहिणं बंद केलं. तेवढंच एक त्याला धरून होतं.

जोडीदाराला सोडवा. काहीही करा.

टाचणी


५ फेब्रुवारी

वन्सं,

चालकाने काल दुपारी दुकानात येऊन पत्र हातात दिलं. मालकांना वाटलं, मला कोणी समन्स काढलं.

आधी तुमच्यावर रागावून घेते. होय किंवा नाही विचारलं होतं. तुम्ही मला पाठ शेकायला सांगितलंत. त्यात एका माणसाची बावीस वर्षं टांगणीला लागली. रागावून झालं. आता माझा राग माझ्यावर. वहीत कर्ता नव्हता, तो मी घातला. नियम क्रमांक तीन मी स्वतः साहेबांना वाचून दाखवला आणि त्याच दमात जोडीदाराचं नाव घेतलं. का घेतलं ते ऐका.

यांना जवळचं दिसेनासं झालं होतं, ते तुम्हाला माहीत आहे. वायरिंगचे नकाशे हात लांब करून वाचायचे. ऑक्टोबरात मी यांना बायफोकल करून दिला. नंबर डॉक्टरांचा, काचा मी घासल्या, फ्रेमही मीच बसवली. बायफोकलमध्ये खालचा भाग वाचायचा असतो, त्याची एक रेघ असते. जिने, शिड्या चढणाऱ्या माणसाला ती रेघ खाली घ्यायची, नाही तर पायाकडे बघताना जमीन जवळ आल्यासारखी दिसते, हलते. आमच्या कामात हे पोरालाही माहीत असतं. मालक म्हणाले, "चढउताराचा माणूस आहे, खाली घे." हे मला म्हणाले होते, "नकाशे नीट दिसले पाहिजेत हं, मान मोडून बघायला लावू नकोस." मी मालकांना म्हटलं, "माझ्या नवऱ्याचं नाक मला जास्त माहीत." आणि रेघ दोन मिलिमीटर वर घेतली.

सोळा दिवस घातला त्यांनी. दुसऱ्या दिवशी म्हणाले, "जिना पोहतोय." मी म्हटलं, "सवय होईल." गिऱ्हाइकांना आम्ही हेच सांगतो.

यांनी किल्लीने दार उघडलं, छपरावर उतरायला खाली बघितलं, छप्पर जवळ दिसलं आणि पाय टाकला. मला हे पहिल्या दिवसापासून दिसतंय. म्हणून तर मला लोटलेलं दार हवं होतं. वहीतली ओळ सापडली तेव्हा मी तिच्यावर तुटून पडले. दार लोटलेलं असेल तर चष्म्याचा प्रश्नच येत नाही.

कंपनीकडून एक पाकीटही आलंय, यांच्या अंगावरच्या वस्तूंचं. घड्याळ, रुमाल आणि चष्मा असं वर लिहिलंय. ते मी उघडलेलं नाही. रोज दहा मोडक्या फ्रेमी माझ्या हातात येतात. नाकावर असताना मोडली की खिशात असताना, मी एका नजरेत सांगते. म्हणून उघडलं नाही.

चौकशीची बैठक १७ ला आहे. साहेबांना वहीचं खरं सांगायला जाणार. ते विचारतील, मग पडले कसे? तेव्हा मी काय म्हणू?

वहिनी


९ फेब्रुवारी

वहिनी,

वहीचं सांगा आणि उठून या. चष्म्याचं बोलू नका. कोणी विचारलेलं नाही, कोणाला सुचणारही नाही. दोन मिलिमीटर! दादा लहानपणापासून धडपड्या होता, सपाट जमिनीवर पडायचा.

तुम्ही माझी वहिनी आहात. आता तेवढंच माझं माहेर. तुम्हाला त्या खोलीत उभं करून "हिच्यामुळे" असं कोणी लिहिलेलं मला बघवणार नाही. "हिच्यामुळे" हा शब्द मी खूप ऐकलाय.

मी काल डेपोत दोन गाड्यांच्या मधे बसून लिहून बघितलं. तिकिटाच्या कागदाच्या मागे. "दादा पडला खुट चष्मा झाला. दादा पडला खुट पत्र गेलं." बघा, किती सोपं. त्याचं पडणं आधीच ठरलेलं होतं, म्हणून तुमच्या हातून चष्मा झाला, म्हणून माझ्या हातून पत्र गेलं. आपण दोघी कर्त्या नाहीच. हे व्याकरण आम्ही त्याचसाठी केलं होतं, की आमचा दोष नाही हे कुठेतरी लिहिलेलं असावं. तुम्हीही लिहून बघा. मला रात्रभर झोप लागली, तीन महिन्यांत पहिल्यांदा.

सकाळी पुन्हा तेच, ते सोडा.

तुम्ही गप्प राहा. माझं ऐका एकदा.

टाचणी


२२ फेब्रुवारी

वन्सं,

तुमचं ऐकलं नाही.

लिहून मात्र बघितलं, तुम्ही सांगितलं म्हणून. ओळ चांगली दिसते. पण वन्सं, तुम्ही दोघं लहान होतात आणि तुमचा खरंच दोष नव्हता. तुमच्यासाठी ते व्याकरण खरं होतं. माझ्यासाठी नाही. मी चाळीशी कधीच ओलांडलेली बाई आहे आणि मला मालकांनी सांगितलं होतं. तिथे खुट लावून मी माझ्याच कामातून सुटणार, आणि मग जोडीदारावर जे आहे ते तसंच राहणार. कोणीतरी कडी घातली नाही, असंच.

तुमच्या पत्राचं मात्र मला एक सांगायचंय, ते तुम्हाला ठाऊक नाही. एकोणीस वर्षं हे रोज सकाळी बूट घालून पलंगाच्या कडेला दहा मिनिटं पाठमोरे बसायचे. मला वाटायचं, पोट साफ नाही. बोलायला गेलं की "थांब जरा". आता कळलं, ओळ लिहीत असायचे. ऑक्टोबरात ते बसणं बंद झालं. बूट न घालता स्वयंपाकघरात यायचे, माझ्या समोर बसून चहा घ्यायचे, नको त्या वेळी मालकांची नक्कल करायचे. एकदा मला उशीर झाला म्हणून मी ओरडले, तर म्हणाले, "ओरड, ओरड, दिवस मोकळा आहे." ३ तारखेनंतर २६ पर्यंत अशा तेवीस सकाळी मिळाल्या. तुम्ही पत्र लिहिलंत, म्हणून मिळाल्या. हे सरळ आहे आणि याला कर्ता आहे. पुढचं मला माहीत नाही. तुम्हालाही नाही.

१६ ला दुपारी पाकीट उघडलं.

आता १७ चं. लांब टेबल, पाण्याचा जग, टाइप करणारी मुलगी, साहेब आणि कंपनीचे दोघं. जोडीदार भिंतीकडच्या बाकावर, इस्त्रीचा शर्ट घालून, नोकरी मागायला आल्यासारखा. मी सांगितलं की वहीचा अर्थ मी चुकीचा लावला. ते घडलेलं नाही, भीती आहे. तुमच्या घरची रीतही सांगितली, क्षमा करा, त्याशिवाय गत्यंतर नव्हतं.

साहेब म्हणाले, "पण बाई, असं कोण लिहितं?"

"मार खाल्लेली मुलं."

कंपनीतल्या एकाने विचारलं, पुरावा काय? मी वही मागितली आणि पान काढून वाचलं: "उजवा हात गेला खुट पट्टा तुटला." खाली १४ जून. म्हटलं, "१५ जूनला याच उजव्या हाताने त्यांनी आमचा नळ बसवला." जोडीदार बाकावरून म्हणाला, "हात होता की. जूनमध्ये तर मला धपाटा घातला त्यानं त्या हातानं." टाइप करणारी मुलगी थांबली, हे लिहायचं का असं बघायला लागली. साहेब म्हणाले, "लिही."

मग त्यांनी विचारलंच. मग पडले कसे?

मी चष्म्याचं सांगितलं. दोन मिलिमीटरचं, मालक बोलले त्याचं, मी बोलले त्याचं. सांगताना आवाज नीट होता. हात टेबलाखाली धरले होते.

तेवढ्यात जोडीदार उभा राहिला. "साहेब, तो चष्मा तो कामावर घालायचाच नाही. खिशात असायचा. जिना पोहतो म्हणायचा. त्या दिवशीही खिशातच होता, मी वर जाताना बघितला."

साहेबांनी माझ्याकडे बघितलं. वन्सं, त्या क्षणी मी नुसती मान हलवली असती तर संपलं होतं. तो सुटत होता, मी सुटत होते, आणि बोलणारा माणूस तोच, ज्याला मी चार आठवडे घरी बसवलं.

मी पिशवीतून फ्रेम काढून टेबलावर ठेवली. म्हटलं, "नाही साहेब. डोळ्यांवर होता. खिशातला चष्मा मोडला तर काड्या मिटलेल्या असतात आणि बिजागरी आत तुटते. हिच्या काड्या बाहेर फाकल्यात आणि नाकावरच्या दोन्ही गाद्या चपट्या झाल्यात. हे माझं रोजचं काम आहे, यात मी चुकत नाही. हे मला वाचवायला खोटं बोलतायत. कडीचं मात्र ते खरं बोलतायत. ते दोनदा ओढून बघतात."

"म्हणजे तुमचं म्हणणं, चष्म्यामुळे—"

"ते मला माहीत नाही. असेल. नसेल. दोन मिलिमीटरने माणूस पडतो की नाही, हे मी मरेपर्यंत सांगू शकणार नाही. पण डोळ्यांवर होता आणि मी केला होता, एवढं लिहा. आणि यांच्यावरचं खोडा."

खोडलं. दाराला कडी नव्हती याला आधार नाही, उतरताना पायाचा अंदाज चुकलेला दिसतो, नेमकं कारण सांगता येत नाही, असं झालं. मी सही केली. सोमवारपासून जोडीदार कामावर जायला लागला.

बाहेर जिन्यात तो माझ्यावर चिडला. "वहिनी, मी तुम्हाला सोडवत होतो ना!"

"कळलं मला."

"मग गप्प राहायला काय जात होतं?"

"एकदा खोटी सही केलीय तुमच्याविरुद्ध. आता तुमच्या बाजूनेही नको."

त्याने माझी पिशवी घेतली आणि खाली उतरला. रस्त्यावर आल्यावर परत दिली. घरी येईन म्हणाला नाही. येईल की नाही, सांगता येत नाही.

तुम्ही या. रजा घ्या म्हणतायत तर घ्या. मला ते व्याकरण तुमच्या तोंडून ऐकायचंय, सगळं, हसण्यासारखं होतं तेही.

दुकानात मी एक नवीनच काढलंय. बायफोकल घ्यायला आलेल्या प्रत्येकाला आधी विचारते, काम काय करता? आणि चष्मा तयार झाला की तो घालून दुकानाच्या मागचा जिना तीनदा उतरायला लावते. मालक कुरकुरतात, गिऱ्हाईक पळेल म्हणतात. काल एक रंगारी आला, साठीचा, शिडीवरचा माणूस. म्हणाला, "बाई, मी चष्मा घ्यायला आलोय की परीक्षेला?" म्हटलं, "उतरा." पहिल्यांदा तो कठडा घट्ट धरून, बोटांनी पायरी चाचपत आला. "हलतंय," म्हणाला. मी चष्मा परत घेतला, नवीन काचा कापल्या, रेघ खाली घेतली, पाऊण तास बसवून ठेवला. तो वैतागला. दुसऱ्यांदा बरा उतरला. तिसऱ्यांदा मधल्या पायरीवर त्याने कठडा सोडला आणि दोन्ही हात खिशात घालून, मला दाखवायला म्हणून, शिट्टी वाजवत खाली आला.

मी खाली उभी होते.

वहिनी